वाचक विचारतात : काळा चौकोन, घंटा आणि माळ्यावरची रशियन पुस्तकं

मागच्या अंकात एका मुलीला रंगांबद्दल उत्तर देताना मी ओघात रशियन चित्रकारांचा विषय काढला आणि लिहिलं की यावर कुणाला काही विचारायचं असेल तर बिनधास्त विचारा. वाटलं होतं चार-दोन पत्रं येतील. पण पोस्टानं आली, व्हॉट्सअ‍ॅपवर आली आणि दोघांनी तर मला कपिलतीर्थ मार्केटात भाजी घेताना गाठून विचारलं. सगळी घेणं शक्य नाही, ज्यांच्यावर मनापासून बोलावंसं वाटलं ती घेतलीयत.

प्रश्न : ताई, मी आर्टच्या दुसऱ्या वर्षाला आहे. सरांनी मालेविचचा ‘काळा चौकोन’ दाखवला. घरी पप्पांना मोबाईलवर दाखवला तर म्हणाले हा तर शाळेतला फळा, यात काय काढलंय? मला काहीच बोलता आलं नाही. खरंच काय आहे त्यात? – विद्यार्थिनी, जवाहरनगर

अगं, पप्पांवर रागावू नकोस, मोबाईलवर तो फळाच दिसणार. आधी ते चित्र पहिल्यांदा कुठं लावलं होतं ते त्यांना सांग. १९१५ चा डिसेंबर, पहिलं महायुद्ध चालू, सेंट पीटर्सबर्गचं नाव बदलून पेट्रोग्राड केलेलं, आणि तिथं ‘०,१०’ अशा विचित्र नावाचं एक प्रदर्शन भरलं. मालेविचनं आपली बाकीची चित्रं भिंतीवर लावली, पण हा चौकोन मात्र वर छताजवळ, दोन भिंती मिळतात त्या कोपऱ्यात लावला. आता रशियन घरात तो कोपरा म्हणजे आपला देव्हारा बघ. येशू-मेरीची आयकॉन चित्रं तिथंच ठेवतात, घरात आलेला माणूस आधी तिकडं बघून क्रॉस करतो आणि मग घरच्यांशी बोलतो. त्या जागी यानं काळा चौकोन ठेवला. बघायला आलेल्या प्रत्येकाला क्षणात कळलं असणार की हा माणूस काय म्हणतोय, की जुनं सगळं संपलं, आता इथून, शून्यापासून सुरुवात. पप्पांना देव्हाऱ्याचं सांगितलंस की त्यांना ते कुठल्याही कलासमीक्षकापेक्षा लवकर कळेल, माझी खात्री आहे.

दुसरं म्हणजे तो चौकोन गुळगुळीत काळा नाहीच. जवळून घेतलेला मोठा फोटो शोध, रंगाला सगळीकडं भेगा गेल्यात, ब्रशचे फटकारे दिसतात, आणि बाजू पट्टीनं मारल्यासारख्या सरळ नाहीत, हातानं काढलेला आहे तो. मॉस्कोच्या त्रेत्याकोव्ह गॅलरीनं २०१५ साली त्याची एक्स-रे तपासणी केली तेव्हा कळलं की खाली आणखी दोन रंगीत चित्रं आहेत. म्हणजे काळ्याच्या पोटात रंग आहेत. मला ही गोष्ट कळली त्या रात्री झोप लागली नव्हती.

आणि पुढं काय झालं तेही सांग. १९१७ ची क्रांती झाली, सुरुवातीची काही वर्षं या नव्या चित्रकारांना सरकारनंच डोक्यावर घेतलं, मग वारं फिरलं. १९३० मध्ये मालेविचला अटक करून चौकशी केली. १९३२ मध्ये कलाकारांचे सगळे वेगवेगळे गट सरकारनं एका हुकमानं बंद केले आणि १९३४ पासून ‘समाजवादी वास्तववाद’, म्हणजे सरकारला हवी तशी, राबणाऱ्या माणसांची ओळखू येणारी चित्रं, हाच एक रस्ता उरला. मालेविच त्याच्या थोडं आधीपासूनच परत माणसं काढायला लागला होता, पण त्याच्या तेव्हाच्या कितीतरी शेतकऱ्यांना चेहराच नाही, नुसता रिकामा अंडाकृती आकार. शेवटच्या काळातल्या चित्रांवर तो सही म्हणून एक छोटासा काळा चौकोन काढायचा. १९३५ मध्ये कॅन्सरनं गेला, तेव्हा त्याच्या देहाच्या वरच्या बाजूला भिंतीवर हाच चौकोन लावला होता. त्यानंतर कित्येक दशकं चित्र गोडाऊनमध्ये पडून.

तू एक कर. घरी कॅनव्हासवर हातानं, पट्टी न घेता, असा एक चौकोन काढून बघ आणि पप्पांनाही काढायला लाव. नंतर दोघं परत मालेविचचा बघा.

प्रश्न : मॅडम, मी शिरोली एमआयडीसीत फौंड्रीत आहे. पिक्चरचा नाद लई. एका मित्रानं सांगितलं तारकोव्हस्की बघ म्हणून, ‘आंद्रेई रुब्ल्योव्ह’ लावला, तर तासाभरात झोप लागली. तीन तासाचा पिक्चर, काही घडतच न्हाई. माझंच काही चुकतंय का? – एक वाचक, शिरोली

दादा, तुमचं काही चुकत नाही. आठ-दहा तास भट्टीपुढं उभं राहून आल्यावर रात्री अकराला तो पिक्चर लावला तर कुणालाही झोप लागेल. पण मला खरं वाईट कशाचं वाटलं सांगू? तुम्ही झोपलात आणि जो भाग अख्ख्या कोल्हापुरात तुमच्याइतका कुणाला कळला नसता तोच बघायचा राहिला!

पिक्चर आहे आंद्रेई रुब्ल्योव्ह या जुन्या आयकॉन चित्रकारावर, आणि त्यातला शेवटचा मोठा भाग आहे घंटेचा. पंधराव्या शतकातली गोष्ट. साथीत गावच्या गावं मेलीयत, राजाला नवी घंटा ओतून हवीय आणि ओतारी जिवंत नाही. त्याचा पोरगा बोरीस्का, अजून मिसरूड फुटलेलं नाही, तो म्हणतो मरताना बापानं मला ओतकामाचं गुपित सांगितलंय, मी करतो. घेऊन जातात त्याला. मग तो साच्याची माती शोधत हिंडतो, बाकीचे म्हणतात ही चालेल, हा म्हणतो नाही, आणि शेवटी पावसात घसरून पडतो तिथंच त्याला पाहिजे ती माती सापडते. खड्डा खणणं, साचा बांधणं, चांदी कमी पडली म्हणून राजाकडं परत मागणं, खड्ड्याभोवतीच्या भट्ट्या, आणि मग रस सोडतात तो क्षण. तुम्ही रोज ते बघताय, साचा फोडेपर्यंत पोटात कसा गोळा येतो तेही तुम्हाला माहितीय. इथं कास्टिंग रिजेक्ट झालं तर पोराचं डोकंच जाणार आहे. घंटा वर चढवतात, लोलक हलवायला लागतात, आणि किती वेळ नुसती करकर ऐकू येते, टोल पडत नाही… मी पुढचं सांगत नाही. फक्त एवढं सांगते की त्यानंतर तो पोरगा चिखलात पडून रडत रडत कबूल करतो की बापानं त्याला काही सांगितलंच नव्हतं, गुपित तसंच घेऊन म्हातारा मेला. आणि कित्येक वर्षं मौनात असलेला, चित्रं काढणं सोडून दिलेला रुब्ल्योव्ह त्याला जवळ घेऊन पहिल्यांदा बोलतो, की चल, तू घंटा ओत, मी चित्रं काढतो.

सगळा पिक्चर काळा-पांढरा आणि अगदी शेवटी रंग येतो, रुब्ल्योव्हची खरी आयकॉन चित्रं जवळून दाखवतात. पिक्चर १९६६ मध्ये तयार झाला, पण सोव्हिएत सरकारनं अडवून धरला आणि त्यांच्या देशात तो लागला १९७१ मध्ये. तारकोव्हस्की पुढं देश सोडून गेला, १९८६ मध्ये पॅरिसला वारला.

तर सुट्टीच्या दिवशी सकाळी, चहा घेऊन, नुसता घंटेचा भाग बघा. बाकीचा पिक्चर नंतर. मोसफिल्म या त्यांच्या स्टुडिओनं आपले कितीतरी जुने पिक्चर यूट्यूबवर फुकट टाकलेत, सबटायटलसकट. आणि बघून झाल्यावर मला नक्की लिहा की त्या पोराचं ओतकाम तुमच्या नजरेला बरोबर वाटलं का, मला ते तुमच्याकडूनच ऐकायचंय.

प्रश्न : आमच्या इथल्या एका दवाखान्यात जुन्या कॅलेंडरचं चित्र फ्रेम करून लावलंय. वाळूतनं चाललेली अकरा माणसं छातीला पट्टे बांधून मोठी नाव ओढतायत. नंबर येईपर्यंत मी तेच बघत बसतो. कुणाचं आहे? – शेतकरी वाचक, कागल

इल्या रेपिनचं. व्होल्गा नदीवर प्रवाहाच्या उलट नावा ओढून न्यायला माणसं लावायचे, त्यांना बुर्लाक म्हणायचे. रेपिन पीटर्सबर्गच्या अकादमीत शिकत होता, १८६८ साली नेवा नदीवर फिरायला गेला असताना नटूनथटून आलेल्या मंडळींच्या शेजारनं ही फाटक्या कपड्यांतली माणसं नाव ओढत गेली आणि ते त्याच्या डोक्यातनं जाईना. १८७० च्या उन्हाळ्यात तो थेट व्होल्गाकाठी जाऊन राहिला, त्यांच्याशी दोस्ती केली, एकेकाला बसवून स्केच केलं आणि १८७३ ला चित्र पुरं झालं. सगळ्यात पुढचा, डोक्याला फडकं बांधलेला तो कानीन, पूर्वीचा पाद्री. परत दवाखान्यात गेलात की मधल्या पोराकडं बघा. सगळे वाकलेत आणि हा एकटाच ताठ होतोय, खांद्यावरचा पट्टा त्याला काचतोय आणि तो त्यात हात घालून ओढतोय, सवय झालेली नाही अजून. आणि लांब क्षितिजावर बारीकसा धूर दिसेल, ती आगबोट. म्हणजे वाफेचं इंजिन आलेलं असूनही माणूस स्वस्त पडतो म्हणून माणूसच जुंपलाय. ऊसतोडीचे तांडे दर हंगामात बघणाऱ्या आपल्या भागातल्या माणसाची नजर त्या चित्रावर खिळते यात मला तरी काही नवल वाटत नाही.

गंमत म्हणजे हे चित्र विकत घेतलं झारच्या मुलानं, आणि त्याच्या बिलियर्डच्या खोलीत लावलं. आज ते पीटर्सबर्गच्या रशियन म्युझियममध्ये आहे.

याच्या मागं एक चळवळ होती तीही सांगते. १८६३ साली त्या अकादमीनं शेवटच्या परीक्षेला विषय दिला उत्तरेकडच्या ओडिन देवाच्या दरबारातली मेजवानी. चौदा विद्यार्थी म्हणाले आम्हाला आमच्या मनाचा विषय काढू द्या, नाही म्हटल्यावर सगळे उठून बाहेर पडले. क्राम्स्कॉय त्यांचा पुढारी. १८७० मध्ये यातूनच फिरत्या प्रदर्शनांची मंडळी उभी राहिली, पुढं रेपिनही त्यात आला. राजधानीत चित्रं लावून थांबायचं नाही, पेट्यांत भरून मॉस्को, कीव्ह, खार्किव्ह असं गावोगाव न्यायचं. आपल्याकडं नाटक कंपन्या फिरायच्या तशी चित्रं फिरायची! आणि ती विकत घेऊन जपली पावेल त्रेत्याकोव्ह या कापडाच्या व्यापाऱ्यानं, १८९२ मध्ये अख्खा संग्रह त्यानं मॉस्को शहराला देऊन टाकला.

तुम्ही कागलचे म्हणून आणखी एक. १९२५ मध्ये रशियात आयझेनस्टाइनचा ‘बॅटलशिप पोटेमकिन’ हा खलाशांच्या बंडावरचा पिक्चर आला, जगभर नाव झालं. त्याच १९२५ मध्ये इथं कोल्हापुरात बाबुराव पेंटरांनी ‘सावकारी पाश’ काढला, कर्जात जमीन गेलेला शेतकरी, तरुण शांताराम त्यात शेतकऱ्याच्या भूमिकेत. दोघांना एकमेकांचा पत्ता नाही, आणि दोघंही कॅमेरा राजवाड्याकडून वळवून राबणाऱ्या माणसाकडं नेतायत. आपल्या शाळांमध्ये पोटेमकिनच्या शेजारी ‘सावकारी पाश’चं नाव घ्यायला पाहिजे असं मी तीस वर्षं सांगत आलेय.

प्रश्न : रशिया-युक्रेन युद्ध चालू झाल्यापासून मुलगा म्हणतो रशियन काही बघू नये. तुम्ही काय म्हणाल? – शिक्षिका, गारगोटी

युद्ध वाईटच, मुलाच्या मनाला ते लागतंय ही चांगली गोष्ट आहे, त्याला गप्प करू नका. पण ‘रशियन’ म्हणजे कोण हे त्याच्याबरोबर बसून एकदा नकाशावर बघा. वर ज्याचं लिहिलं तो रेपिन जन्मला चुहुइव्हला, ते आज युक्रेनमध्ये. मालेविच कीव्हचा, घर पोलिश. चित्रकार शागाल वितेब्स्कचा, ते आज बेलारूसमध्ये. पोटेमकिनमधल्या त्या जगप्रसिद्ध पायऱ्या ओडेसाच्या. साम्राज्य मोठं होतं, त्यानं सगळ्यांवर एकच शिक्का मारला. युद्ध सुरू झाल्यावर न्यूयॉर्कच्या मेट्रोपॉलिटन म्युझियमनं रेपिनच्या चित्राखालची पाटी बदलली, अ‍ॅमस्टरडॅमच्या स्टेडेलिक म्युझियमनं मालेविचची बदलली. मला ते योग्य वाटतं. चित्रं बघणं सोडू नये, पाटी मात्र नीट वाचावी.

प्रश्न : देवल क्लबात गाणं ऐकत मोठी झाले, घरी पेटी वाजवते. रशियन संगीत ऐकायचं तर सुरुवात कुठून करू? मला त्यात सूर सापडत नाही. – गृहिणी, शाहूपुरी

वहिनी, राग शोधू नका त्यात, नाहीतर सारखं काहीतरी चुकल्यासारखं वाटत राहील. चायकोव्हस्कीपासून सुरू करा असं सगळे सांगतात, कान गोड होतात त्यानं, करा तेही. पण मी तुम्हाला शोस्ताकोविचची सातवी सिंफनी, म्हणजे मोठ्या वाद्यवृंदासाठीची रचना, ऐका म्हणेन, आणि ऐकायच्या आधी तिची गोष्ट वाचा.

शोस्ताकोविच लेनिनग्राडचा, म्हणजे वरच्या त्या पीटर्सबर्गचाच, क्रांतीनंतर नाव परत बदललं. १९३६ मध्ये त्याच्या ऑपेरावर ‘प्रावदा’ या कम्युनिस्ट पक्षाच्या पेपरात असा घणाघाती लेख आला की रात्री दारावर थाप पडेल या भीतीत तो जगत होता. १९४१ मध्ये जर्मनांनी लेनिनग्राडला वेढा घातला, तो चालला ८७२ दिवस. लाखो माणसं उपाशी मेली, ब्रेडचा तुकडा मोजून मिळायचा. सातवी सिंफनी त्यानं त्या वेढ्यातच लिहायला घेतली, मग त्याला विमानानं बाहेर काढलं आणि मार्च १९४२ मध्ये ती पहिल्यांदा कुइबिशेव्ह शहरात वाजली. पण ती लेनिनग्राडमध्येच वाजायला पाहिजे असं ठरलं. स्वरलिपी विमानानं वेढा ओलांडून शहरात आणली. वाजवायचं कुणी? शहरात उरला होता फक्त रेडिओचा वाद्यवृंद आणि त्यातली जेमतेम पंधरा माणसं वाजवण्याच्या अवस्थेत. एलियासबर्ग म्हणून कंडक्टर, तो स्वतः भुकेनं काटकुळा झालेला. तालमीत माणसं चक्कर येऊन पडायची, फुंकून वाजवायच्या वाद्यांना छातीत दम नसायचा. वादकांना जादा शिधा दिला, आघाडीवर लढणाऱ्या सैनिकांतनं वाजवणारे बोलावून घेतले. ९ ऑगस्ट १९४२ ला कार्यक्रम झाला. त्या वेळात जर्मनांची तोफ वाजू नये म्हणून रशियन तोफांनी आधी त्यांच्यावर मारा केला, आणि लाऊडस्पीकर लावून ते संगीत शहरभर, अगदी शत्रूच्या खंदकापर्यंत ऐकवलं.

पहिल्या भागात एक छोटीशी धून येते, बारीक ड्रमच्या तालावर, अगदी साधी, लहान मुलानं शीळ घालावी तशी. तीच परत, परत, परत येत राहते आणि दर वेळी वाद्यं वाढतात. तुम्ही पेटी वाजवता, एकच ओळ घोळवत नेणं म्हणजे काय हे तुम्हाला माहितीय, फक्त इथं ती ओळ घोळता घोळता अंगावर यायला लागते. हेडफोन लावून, संध्याकाळची कामं उरकल्यावर ऐका.

आणि हे जड वाटलं तर व्लादिमीर व्हिसोत्स्की, हा नाटकातला नट आणि गायक. गिटार आणि खरखरीत आवाज, बास. सरकारी कंपनीनं त्याच्या रेकॉर्ड फारशा काढल्याच नाहीत, लोकांनी टेपवरून टेपवर उतरवून घेत त्याला देशभर पोचवलं. १९८० मध्ये ऐन मॉस्को ऑलिंपिकच्या दिवसांत तो बेचाळिसाव्या वर्षी गेला, पेपरात जेमतेम दोन ओळी आल्या, तरी त्याच्या थिएटरबाहेर माणसांचा समुद्र लोटला.

प्रश्न : सोव्हिएत काळातली कला म्हणजे नुसते ट्रॅक्टर, झेंडे आणि हसणारे कामगार. त्यात जीव कुठं होता? – निवृत्त प्राध्यापक, ताराबाई पार्क

सर, झेंड्यातही कधी कधी जीव होता, व्हेरा मुखिनाचा १९३७ चा हातोडा आणि विळा उंचावलेल्या कामगार-शेतकरणीचा पुतळा समोरून बघितला तर पावलं थांबतात. पण तुमचं म्हणणं बरंचसं खरं आहे. जीव होता तो दाराआड होता. मला यात सगळ्यात आवडते ती नेइझ्वेस्त्नीची गोष्ट.

१ डिसेंबर १९६२, मॉस्कोच्या मानेझ हॉलमध्ये प्रदर्शन. देशाचे प्रमुख ख्रुश्चेव्ह बघायला आले आणि नव्या पद्धतीची चित्रं बघून भडकले, तोंडाला येईल ते बोलले. एर्न्स्ट नेइझ्वेस्त्नी हा शिल्पकार, महायुद्धात जबर जखमी होऊन वाचलेला माणूस, त्यानं मान खाली घातली नाही, त्यांच्याशी समोरासमोर वाद घातला. दोन वर्षांनी ख्रुश्चेव्हना पदावरून काढलं, १९७१ मध्ये ते वारले, आणि त्यांच्या घरच्यांनी समाधीचं काम कुणाला सांगावं? याच नेइझ्वेस्त्नीला. आणि त्यानं केलं! काळा ग्रॅनाइट आणि पांढरा संगमरवर एकमेकांत अडकवलेले, मधे ख्रुश्चेव्हचं डोकं. त्या माणसातलं काळंही खरं आणि पांढरंही खरं. ज्यानं आपला अपमान केला त्याला इतका न्याय देणारं दुसरं शिल्प मला माहीत नाही.

१९७४ मध्ये तर मॉस्कोच्या कडेला मोकळ्या मैदानात काही चित्रकारांनी चित्रं मांडली तेव्हा त्यांच्यावर बुलडोझर आणि पाण्याचे टँकर सोडले. परदेशी वार्ताहरांसमोर झालं, जगभर बोभाटा झाला आणि दोनच आठवड्यांत सरकारला दुसरं प्रदर्शन करू द्यावं लागलं. आणि इगोर साव्हित्स्कीचं नाव लिहून ठेवा. हा माणूस पुरातत्त्वाच्या मोहिमेबरोबर उझबेकिस्तानच्या वाळवंटाकडं गेला, तिथंच राहिला, आणि मॉस्कोपासून इतक्या लांब कोण बघायला येतंय म्हणून मोडीत गेलेल्या, दडपलेल्या चित्रकारांच्या घरी जाऊन, त्यांच्या विधवांकडून, माळ्यांवरून चित्रं गोळा करून नुकुस या गावी नेली. १९६६ मध्ये म्युझियम उभं केलं. हजारो चित्रं नुसती त्याच्या हट्टामुळं शिल्लक आहेत.

प्रश्न : एकातून एक निघणारी रशियन बाहुली किती जुनी? – इयत्ता सातवी, कळंबा

बाळा, तुला वाटतं तेवढी जुनी नाही. १८९० च्या सुमाराला मॉस्कोजवळ एका लाकूड कातणाऱ्यानं ती केली आणि माल्युतिन नावाच्या चित्रकारानं रंगवली. १९०० च्या पॅरिसच्या प्रदर्शनात तिला पदक मिळालं. आई-बाबांबरोबर सावंतवाडीला गेलास तर तिथं लाकूड कसं काततात आणि लाखेचा रंग कसा चढवतात ते बघ, मग बाहुलीच्या आतली बाहुली कशी करत असतील हे तुझं तुलाच समजेल.

प्रश्न : मनालीच्या ट्रिपमध्ये नग्गरला रोरिकचं घर बघितलं. रशियन माणूस तिथं कसा आला? – राजारामपुरी

निकोलाय रोरिक पीटर्सबर्गचा. १९१३ मध्ये पॅरिसला संगीतकार स्ट्राव्हिन्स्कीच्या ज्या बॅलेवरून प्रेक्षकांनी थिएटर डोक्यावर घेतलं त्याचे पडदे आणि कपडे यानंच केले होते. क्रांतीनंतर देश सुटला, १९२३ मध्ये भारतात आला, हिमालयाच्या वाटा तुडवल्या, १९२८ पासून नग्गरला घर केलं आणि १९४७ च्या डिसेंबरात तिथंच गेला. तुम्ही बघितलेले ते निळे-जांभळे डोंगर त्यानं खिडकीतनं रोज बघून काढलेत. युद्धात शाळा, म्युझियम, स्मारकांना हात लावू नये असा करार त्याच्याच धडपडीतनं १९३५ मध्ये झाला. मुलगा स्वेतोस्लाव्हही चित्रकार, त्यानं आपल्या देविकाराणीशी लग्न केलं आणि दोघं शेवटपर्यंत बेंगळुरूजवळ राहिले. आपल्या सरकारनं ज्या मोजक्या चित्रकारांची चित्रं देशाबाहेर न्यायला बंदी केलीय, त्यात रविवर्मा, अमृता शेरगिल यांच्याबरोबर रोरिकही आहे.

प्रश्न : लहानपणी मराठीतली रशियन पुस्तकं मिळायची, गुळगुळीत कागद, मोठी चित्रं, दोन-तीन रुपयांत. माळा साफ करताना ट्रंकेत अकरा सापडली. मुलं म्हणतात रद्दीत द्या. काय करू? – निवृत्त बँक कर्मचारी, इचलकरंजी

काका, हात जोडते, रद्दीत देऊ नका!

मॉस्कोच्या प्रगती, रादुगा, मीर या प्रकाशनांची ती पुस्तकं. सोव्हिएत सरकार पैसे घालून जगभरच्या भाषांत ती छापायचं, मराठीसाठी अनिल हवालदारांसारखे लोक तिकडं राहून भाषांतरं करायचे, म्हणून ती इतकी स्वस्त. हेतू प्रचाराचाही होता, नाही म्हणत नाही. पण १९९१ मध्ये तो देशच संपला आणि पुस्तकं यायची बंद झाली, आता आहेत ती एवढीच. आणि चित्रं इतकी सुंदर का, त्यालाही कारण आहे. मोठ्या कॅनव्हासवर मनासारखं काढायला बंदी होती तेव्हा अनेक चांगल्या चित्रकारांनी मुलांच्या पुस्तकांत आसरा घेतला, तिथं पोट भरायचं आणि थोडी मोकळीकही मिळायची. इल्या काबाकोव्ह, जो पुढं जगातला मोठा कलाकार झाला, त्यानं वर्षानुवर्षं मुलांच्या पुस्तकांची चित्रं काढून घर चालवलं. तुमच्या अकरा पुस्तकांत कुठल्या चित्रकारांची नावं आहेत ते मला कळवाल का?

आणि आपल्या वाटेगावचे अण्णाभाऊ साठे. शाळा जवळजवळ नाहीच, पण स्टालिनग्राडच्या लढाईवर पवाडा लिहिला, आणि १९६१ मध्ये रशियाला जाऊन आले तर त्यावर स्वतंत्र पुस्तक लिहिलं. २०२२ मध्ये मॉस्कोच्या परदेशी साहित्याच्या ग्रंथालयात त्यांचा पुतळा बसला. ते प्रवासाचं पुस्तक मुलांना वाचायला द्या आणि मग ट्रंक उघडून दाखवा.

माझ्याकडची अशी पुस्तकं घर बदलताना गेली. मी शाळेत होते, पोत्यात भरलेला सगळा कागद रद्दीवाल्याला दिला आणि संध्याकाळी कळलं. दुसऱ्या दिवशी धावत गेले तर माल पुढं गेलेला. त्यातलं एक हिरव्या कव्हरचं, बर्फातून चाललेल्या दोन भावांचं, आजही डोळ्यांसमोर येतं.

म्हणून सांगते, ट्रंक माळ्यावर परत टाकू नका, दमट असतो. पुस्तकं कपाटात उभी ठेवा, मधे कडुनिंबाचा सुका पाला, पावसाळा संपला की सावलीत वारा द्या, उन्हात नको. सुटलेली पानं सेलोटेपनं चिकटवू नका, पिवळी पडून कागद खातो तो, बायंडरकडून खळीनं चिकटवून घ्या. आणि पहिल्या पानावर वडिलांनी किंवा तुम्ही नाव, तारीख, किंमत असं काही लिहिलेलं असेल तर ते कुणाला खोडू देऊ नका.